पदोन्नतीनंतर रखडलेले वेतन : महाविद्यालयीन अध्यापकांसाठी कायदेशीर मार्ग

महाविद्यालयीन अध्यापकाला पदोन्नती मिळाली, तरी वाढीव वेतन लगेच हाती पडतेच असे नाही. निवड समितीची शिफारस, विद्यापीठाची मान्यता, उच्च शिक्षण विभागाकडून होणारी वेतननिश्चिती आणि निधीची तरतूद, अशा टप्प्यांतून प्रकरण जाते. एखाद्या टप्प्यावर ते अडले की पदनाम नवे आणि वेतन जुने, अशी स्थिती कित्येक महिने राहते. अशा वेळी दाद कोठे मागायची हे नियोक्ता कोण आहे यावर ठरते. थकबाकी किती मिळेल हे मात्र बऱ्याच अंशी दाद केव्हा मागितली यावर अवलंबून असते.

हक्काचा आधार

विद्यापीठ अनुदान आयोगाच्या २०१८ च्या विनियमांनुसार, किमान सेवाकाल पूर्ण होताच अर्ज करून मूल्यमापनात यशस्वी ठरलेल्या अध्यापकाची ‘करिअर ॲडव्हान्समेंट स्कीम’खालील पदोन्नती त्या पात्रतेच्या दिनांकापासून धरली जाते. पहिल्या वेळी अपयश आल्यास नंतरच्या यशस्वी मूल्यमापनाचा दिनांक ग्राह्य धरतात. थकबाकीची मोजणी या दिनांकावर अवलंबून असल्याने पदोन्नती आदेशातील नोंद प्रथम तपासावी. राज्याने ही योजना ज्या शासन निर्णयाद्वारे स्वीकारली, त्यातील अटीही पाहाव्यात.

प्राथमिक उपाय

प्राचार्य, संस्था आणि उच्च शिक्षण कार्यालय यांच्याकडे लेखी अर्ज करून पोचपावती घ्यावी. प्रकरण कोणत्या कार्यालयात व कोणत्या कारणाने प्रलंबित आहे, हे माहितीचा अधिकार अधिनियम, २००५ अन्वये विचारता येते. उत्तराची सर्वसाधारण मुदत ३० दिवसांची आहे. महाराष्ट्रात सार्वजनिक विद्यापीठ अधिनियम, २०१६ खाली तक्रार निवारण समितीची तरतूद आहे. याच कायद्यातील न्यायाधिकरणाकडे मुख्यतः बडतर्फी, सेवासमाप्ती किंवा पदावनतीविरुद्ध अपील करता येते. केवळ वेतनास विलंब झाला असल्यास समितीचा मार्ग अधिक योग्य ठरतो.

दाद कोठे मागावी

महाराष्ट्रातील शासकीय महाविद्यालयांच्या अध्यापकांना प्रथम महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणाकडे जावे लागते. न्यायाधिकरणाच्या निर्णयाविरुद्ध उच्च न्यायालयात दाद मागता येते, हे सर्वोच्च न्यायालयाने एल. चंद्रकुमार प्रकरणात १९९७ मध्ये स्पष्ट केले.

अनुदानित खाजगी महाविद्यालयांतील अध्यापकांना राज्यघटनेच्या अनुच्छेद २२६ खाली उच्च न्यायालयात रिट याचिका दाखल करता येते. संस्था खाजगी न्यासाची आहे, एवढ्यावरून तिला जबाबदारी टाळता येत नाही. अहमदाबादच्या एका न्यासाने महाविद्यालय बंद केल्यानंतर अध्यापकांच्या थकीत देण्यांचा वाद उद्भवला होता. सार्वजनिक मदत घेऊन संलग्न महाविद्यालय चालविणाऱ्या अशा संस्थेलाही परमादेश देता येतो, असा निर्णय सर्वोच्च न्यायालयाने रुदानी प्रकरणात १९८९ मध्ये दिला.

कामगार न्यायालयाचा मार्ग मात्र अध्यापकांना उपलब्ध नाही. गोव्यातील सुंदराम्बल प्रकरणात १९८८ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने, तत्कालीन औद्योगिक विवाद कायद्याच्या व्याख्येत शिक्षक ‘कामगार’ ठरत नाहीत, असे म्हटले होते.

विलंबाची किंमत

चुकीची वेतननिश्चिती ही दरमहा नव्याने घडणारी हानी असल्याचे न्यायालयाने एम. आर. गुप्ता प्रकरणात १९९५ मध्ये मान्य केले. त्यामुळे उशिरा दाखल केलेला दावाही सरसकट फेटाळला जात नाही. तथापि, तरसेम सिंग प्रकरणातील २००८ च्या निर्णयानुसार थकबाकी सामान्यतः याचिकेपूर्वीच्या तीन वर्षांपुरतीच मिळते. एकामागून एक विनंतीअर्ज पाठवत राहिल्याने ही मुदत वाढत नाही. पाच वर्षे वाट पाहिलेल्या अध्यापकाला पहिल्या दोन वर्षांच्या रकमेवर पाणी सोडावे लागू शकते.

व्याज आणि अंमलबजावणी

याचिकेत थकबाकीबरोबर व्याजाचीही स्पष्ट मागणी करावी. आंध्र प्रदेशात लांबणीवर टाकलेल्या वेतन व निवृत्तिवेतनाच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने २०२१ मध्ये वार्षिक ६ टक्के व्याज मंजूर केले. केलेल्या सेवेचे वेतन हा कर्मचाऱ्याचा हक्क आहे, असेही नमूद केले. न्यायालयाचा आदेश हेतुपुरस्सर पाळला न गेल्यास न्यायालय अवमान अधिनियम, १९७१ खाली एका वर्षाच्या आत अर्ज करता येतो.

पदोन्नती आदेश, विद्यापीठाचे मान्यतापत्र, सेवापुस्तकातील नोंदी, वेतनपत्रके आणि अर्जांच्या पोचपावत्या ही कागदपत्रे सुरुवातीपासून जपून ठेवावीत. न्यायालयासमोर दाव्याचा मुख्य आधार तीच असतात.