फोन कॉम्प्युटरला जोडायचाय? आधी ड्रायव्हर टाका. जाणून घ्या सोपी पद्धत

जुन्या फोनमधली कंपनीची नको असलेली ॲप काढायची किंवा अपडेट बंद झालेल्या फोनमध्ये नवी अँड्रॉइड प्रणाली टाकायची, तर फोन कॉम्प्युटरला जोडावा लागतो. बऱ्याच जणांचं काम इथंच अडतं. फोन चार्ज होतो, पण कॉम्प्युटर त्याला ओळखत नाही. बहुतेक वेळा ड्रायव्हर नसतो किंवा केबल नुसती चार्जिंगची असते.

ड्रायव्हर म्हणजे काय?
ड्रायव्हर हा छोटा प्रोग्राम असतो. समोरच्या उपकरणाशी कसं बोलायचं, हे तो विंडोजला सांगतो. फोटो कॉपी करण्यापुरता ड्रायव्हर विंडोजमध्ये आधीपासून असतो. फोनला आदेश द्यायचे तर वेगळा लागतो. चालू असलेला फोन कॉम्प्युटरला एक ओळख क्रमांक देतो आणि फास्टबूट मोडमध्ये गेला की दुसराच देतो. त्यामुळे एका मोडमध्ये दिसणारा फोन दुसऱ्यात दिसेनासा होतो.

कुठून घ्यावा?
पिक्सेल फोनसाठी गुगलचा यूएसबी ड्रायव्हर आहे. सॅमसंग, मोटोरोला अशा इतर फोनसाठी त्या त्या कंपनीच्या अधिकृत संकेतस्थळावरूनच घ्यावा. ‘सगळ्या फोनला चालणारा ड्रायव्हर’ म्हणून कुठूनही उतरवलेल्या फाइलमध्ये व्हायरस असू शकतो. आदेश देण्यासाठी गुगलचं ‘प्लॅटफॉर्म टूल्स’ हे मोफत पॅकेजही लागतं.

कसा टाकावा?
१. फोनच्या सेटिंगमध्ये ‘अबाउट फोन’मध्ये जाऊन ‘बिल्ड नंबर’वर ७ वेळा बोट टेकवा. ‘डेव्हलपर ऑप्शन्स’ सुरू होतील. त्यात ‘यूएसबी डीबगिंग’ चालू करा. काही फोनमध्ये हे नाव थोडं वेगळं असतं.
२. ड्रायव्हरची झिप फाइल उघडून फोल्डर वेगळा काढा. कंपनीने इन्स्टॉलर दिला असेल तर तो चालवा; मग पुढच्या दोन पायऱ्या बहुधा लागत नाहीत.
३. डाटा केबलने फोन जोडा. कॉम्प्युटरवर ‘डिव्हाइस मॅनेजर’ उघडा. पिवळी खूण असलेल्या फोनच्या नावावर राइट क्लिक करून ‘अपडेट ड्रायव्हर’ निवडा.
४. ‘ब्राउज माय कॉम्प्युटर’मध्ये जाऊन तो फोल्डर दाखवा.
५. प्लॅटफॉर्म टूल्सच्या फोल्डरमध्ये कमांड विंडो उघडून ‘एडीबी डिव्हाइसेस’ हा आदेश इंग्रजीत टाइप करा. फोनवर परवानगी विचारली जाईल, ती द्या.

क्रमांकापुढे ‘डिव्हाइस’ दिसलं की काम झालं. ‘अनऑथोराइज्ड’ आलं तर फोनवरची परवानगी राहिली आहे. यादी रिकामीच आली तर केबल आणि पोर्ट बदलून बघा, मग ड्रायव्हर पुन्हा तपासा. फास्टबूट मोडमध्ये ‘फास्टबूट डिव्हाइसेस’ हा आदेश चालतो. तिथं फोन दिसला नाही तर तो मोड चालू ठेवूनच वरच्या पद्धतीने ड्रायव्हर पुन्हा टाका. सॅमसंगच्या फोनमध्ये फास्टबूटऐवजी डाउनलोड मोड असतो.

खरा धोका पुढच्या पायरीत
ड्रायव्हर टाकल्याने फोनमधलं काहीच जात नाही. नवी प्रणाली टाकण्यासाठी मात्र बूटलोडर उघडावा लागतो आणि ते करताना फोन पूर्ण पुसला जातो. नुकसानीचे पंचनाम्याचे फोटो, सातबाऱ्याच्या पीडीएफ, पावत्या, नंबर, सगळं जातं. त्यामुळे आधी सगळं कॉम्प्युटरवर किंवा मेमरी कार्डवर काढून ठेवा आणि तिथं ते उघडतंय ना, हे तपासा. कार्डवर घेतलं असेल तर कार्ड फोनमधून बाहेर काढा. बूटलोडर उघडल्यावर वॉरंटी जाऊ शकते. बँकेची आणि यूपीआयची काही ॲप अशा फोनवर चालत नाहीत. ज्या फोनवर घरचा व्यवहार चालतो, त्यावर हा प्रयोग नको. काही कंपन्या बूटलोडर उघडूच देत नाहीत, हेही आधी बघून घ्या.

फक्त नको असलेली ॲप काढायची असतील तर बूटलोडर उघडायची गरज नाही. ते काम एडीबीवरच भागतं. मात्र ज्याचं काम माहीत नाही असं सिस्टीमचं ॲप काढू नका, फोन चालू व्हायचा थांबू शकतो.

काम संपल्यावर ‘यूएसबी डीबगिंग’ बंद करा. दुसऱ्याच्या कॉम्प्युटरवर काम केलं असेल तर डेव्हलपर ऑप्शन्समधून दिलेल्या परवानग्याही रद्द करा.