सदतीस सामने, तीन गोल

तीन हंगामांत 37 साखळी सामने आणि 3 गोल. एखाद्या फुटबॉलपटूच्या नावापुढे एवढीच नोंद असेल, तर त्याच्यावर बोलायचे ते काय, असे कुणालाही वाटेल. आघाडीवर खेळणाऱ्या माणसाचे काम गोल करण्याचे. त्याने तीन वर्षांत तीनच गोल केले, तर प्रगतिपुस्तकावर लाल शेराच पडायचा. तरीही आज मी या तीन वर्षांविषयीच बोलणार आहे. खेळाडूचे नाव तुमच्या ओळखीचे आहे, बायचुंग भुतिया. मात्र भारताचा कर्णधार, पद्मश्री, कोलकात्याच्या मैदानांचा लाडका अशा बायचुंगची ही गोष्ट नाही. इंग्लंडच्या एका लहानशा गावात, तिसऱ्या पायरीवरच्या क्लबात, पुष्कळदा बदली खेळाडूंच्या बाकावर बसून राहिलेल्या बायचुंगची ही गोष्ट आहे.

बायचुंगचा जन्म 1976 सालचा, सिक्कीममधल्या तिनकितम गावचा. घर शेतकऱ्याचे. खेळाच्या शिष्यवृत्तीवर हा मुलगा लहानपणीच गंगटोकला शाळेत आला आणि 1993 मध्ये, वयाची सतरा वर्षे पुरी होण्याआधीच, कोलकात्याच्या ईस्ट बंगालकडून खेळू लागला. पुढे तो पंजाबात फगवाड्याच्या जेसीटी संघात गेला. जेसीटी हा कापडगिरणीचा संघ. 1996-97 मध्ये देशात पहिल्यांदा राष्ट्रीय फुटबॉल लीग झाली, ती या गिरणीच्या संघाने जिंकली आणि त्या लीगमध्ये सर्वांत जास्त गोल बायचुंगचे होते. कापडगिरणी हा शब्द लक्षात ठेवा, पुढे त्याचे काम पडणार आहे.

मग आला 13 जुलै 1997 चा दिवस. कोलकात्याचे सॉल्ट लेक मैदान, फेडरेशन कपचा उपान्त्य सामना, ईस्ट बंगाल विरुद्ध मोहन बागान. मैदानात सव्वा लाखाहून अधिक माणसे. सामन्याआधी मोहन बागानचे प्रशिक्षक अमल दत्त यांनी बायचुंगची 'चुमचुम' अशी थट्टा केली होती. चुमचुम ही बंगाली मिठाई. या मिठाईने त्या दिवशी तीन गोल केले आणि ईस्ट बंगालने सामना 4-1 असा जिंकला. भारतात एखादा क्लबचा सामना पाहायला एवढी गर्दी क्वचितच जमली असेल. त्या दिवशी बायचुंग वीस वर्षांचा होता. इथे मिळण्यासारखे जे होते, ते सारे त्याला मिळाले होते.

आणि तरी तो निघाला. फुलहॅम, वेस्ट ब्रॉमविच अल्बियन, ॲस्टन व्हिला अशा इंग्लिश क्लबांत त्याने चाचण्या दिल्या. कुठेच जमले नाही. शेवटी 30 सप्टेंबर 1999 रोजी बेरी नावाच्या क्लबने त्याच्याशी तीन वर्षांचा करार केला. युरोपातल्या क्लबशी रीतसर करार करणारा तो पहिला भारतीय फुटबॉलपटू ठरला.

हे बेरी कुठले? इंग्रजी अक्षरांवरून वाचले तर 'बरी' होते, पण तिथली माणसे 'बेरी' म्हणतात. मँचेस्टरच्या उत्तरेला, जुन्या लँकेशायर परगण्यातले हे गाव. ज्यांचे आयुष्य हातमागाच्या आणि यंत्रमागाच्या खडखडाटात गेले, त्यांना या गावाचे नाव माहीत नसले तरी त्याची देणगी माहीत असते. दोरी ओढली की मागाच्या या टोकापासून त्या टोकापर्यंत आपोआप पळणारा धोटा जॉन के या माणसाने काढला, 1733 साली. तो याच बेरीच्या परिसरातला. त्याच्या नावाची बाग आणि स्मारक गावात आहे. पुढे लँकेशायरच्या गिरण्यांनी जगभरचा कापूस खाल्ला. 1861 नंतर अमेरिकेतल्या यादवीने तिकडचा कापूस अडला, तेव्हा या गिरण्यांनी आपल्या खानदेश-वऱ्हाडाकडे तोंड वळवले. आपला कापूस त्या वाटेने कधीच गेला होता. आपला खेळाडू जायला मात्र 1999 साल उजाडले.

बेरी क्लब 1885 मध्ये स्थापन झाला. एके काळी त्याचाही दबदबा होता. इंग्लंडमधली सर्वांत जुनी स्पर्धा म्हणजे एफए कप. ती या क्लबने 1900 आणि 1903 अशी दोनदा जिंकली. 1903 च्या अंतिम सामन्यात त्यांनी डर्बी काउंटीला 6-0 असे हरवले. अंतिम सामन्यातला एवढा मोठा विजय पुढे 116 वर्षे कुणाला साधला नाही. 2019 मध्ये मँचेस्टर सिटीने त्याची बरोबरी केली. परंतु गिरण्या गेल्या तशी गावाची रयाही गेली. बायचुंग पोहोचला तेव्हा बेरी सेकंड डिव्हिजनमध्ये होता. हे नाव फसवे आहे. सर्वांत वर प्रीमियर लीग, तिच्याखाली फर्स्ट डिव्हिजन आणि मग सेकंड. म्हणजे पायरी तिसरी.

या पायरीवरचा फुटबॉल दूरचित्रवाणीवर दिसतो तसा नसतो. तिथे कोट्यवधींचे करार नसतात. तिथला खेळाडू म्हणजे नोकरदार माणूस. एक-दोन वर्षांचा करार, मग दुसरा क्लब, दुसरे गाव, पुन्हा भाड्याचे घर. गुडघा दुखावला तर पुढच्या कराराची धास्ती. 24 संघ, म्हणजे हंगामात साखळीचेच 46 सामने. शनिवारी एक आणि पुष्कळदा मंगळवारी रात्री दुसरा. थंडी, पाऊस, चिखल. चेंडू मागून उंच मारायचा आणि पुढच्याने धिप्पाड बचावपटूंशी अंगाने झुंजून तो मिळवायचा. बायचुंगचा खेळ चपळाईचा आणि नेमक्या जागी नेमक्या क्षणी पोहोचण्याचा होता. सॉल्ट लेकवर सव्वा लाखांनी पाहिलेला हा खेळाडू आता गिग लेन मैदानावर तीन-चार हजारांपुढे खेळत होता आणि त्यातल्या बहुतेकांना कोलकाता प्रकरण ठाऊकही नव्हते.

व्हिसाची अडचण सुटून तो 3 ऑक्टोबर 1999 रोजी कार्डिफ सिटीविरुद्ध पहिल्यांदा मैदानात उतरला, तोही बदली म्हणून. त्याने मारलेला फटका अडला आणि तिथून उडालेल्या चेंडूवर सहकाऱ्याने गोल केला. पहिल्या स्वतःच्या गोलासाठी त्याला सहा महिन्यांहून अधिक थांबावे लागले. तो 15 एप्रिल 2000 रोजी चेस्टरफिल्डविरुद्ध झाला. पुढे गुडघ्याच्या दुखण्याने त्याला गाठले. शेवटच्या हंगामात तो फक्त तीन सामने खेळू शकला. 27 ऑगस्ट 2001 रोजी गिग लेनवर स्विंडन टाउनने बेरीला 3-0 असे हरवले, तो त्याचा तिथला अखेरचा सामना. त्याच हंगामात क्लबची आर्थिक घडी विस्कटली, संघ आणखी एक पायरी खाली घसरला आणि 2002 मध्ये बायचुंग मोकळा झाला. तीन हंगामांचे मिळून 138 साखळी सामने होतात. त्यांतले तो 37 खेळला. म्हणजे चारांतला एक.

मग याला इतिहास का म्हणायचे? त्यासाठी थोडे मागे, 1936 सालात जावे लागेल.

कोलकात्याच्या मोहम्मेडन स्पोर्टिंगचा मोहम्मद सलीम हा अनवाणी खेळणारा खेळाडू. 1934 पासून सलग पाच वर्षे कोलकाता लीग जिंकणाऱ्या संघातला तो बिनीचा मोहरा. 1936 मध्ये तो इंग्लंडमार्गे स्कॉटलंडला, ग्लासगोच्या प्रसिद्ध सेल्टिक क्लबात पोहोचला. बूट घालायला तो तयार नव्हता. पायांना नुसत्या पट्ट्या बांधून तो सेल्टिकच्या राखीव संघाकडून दोन सामने खेळला. क्लबचे जिमी मॅकमेनेमी त्याच्या पायांना पट्ट्या बांधताहेत, असे छायाचित्र आजही पाहायला मिळते. लोक थक्क झाले. तिथल्या वर्तमानपत्राने मथळ्यात त्याला 'इंडियन जगलर' म्हटले. जगलर म्हणजे चेंडू हवेत खेळवणारा कसरतपटू. त्यात कौतुक होते, शंकाच नाही. पण कौतुक कसरतीचे होते. सर्कशीत वाघ पाहावा, तसे लोक त्याचे पाय पाहत होते. सलीमला घरची ओढ लागली आणि काही महिन्यांत तो परतला.

सलीम तिकडे चमत्कार म्हणून पाहिला गेला आणि बायचुंग तिकडे कामगार म्हणून राहिला. या दोघांमध्ये 63 वर्षे आहेत, आणि माझ्या मते खरा प्रवास हाच आहे. चमत्काराला कुणी बाकावर बसवत नाही. चमत्काराला कुणी 'आज तुझा खेळ पडला' असे म्हणत नाही. चमत्काराला पाहुण्यासारखे मधल्या खोलीत बसवतात, टाळ्या वाजवतात आणि निरोप देतात. कामगाराला मात्र हजेरी असते, पगार असतो, बरोबरीचे लोक असतात. त्याचे चुकले की बोल लागतो. बायचुंगला बेरीने बाकावर बसवले, ते तो भारतीय होता म्हणून नव्हे. त्या शनिवारी दुसरा कुणी त्यांना बरा वाटला म्हणून. इतरांना लावलेली मोजपट्टीच त्याला लावली. त्या मोजपट्टीत तो कधी उतरला, कधी नाही. सामान्य असण्याचा हक्क मिळणे, ही बरोबरीची पहिली पायरी असते.

हे मला जरा आतून कळते. मी मराठीत कविता लिहितो. कार्यक्रम संपला की कुणीतरी सज्जन गृहस्थ जवळ येऊन प्रेमाने म्हणतात, 'तुम्ही मुसलमान असून किती सुंदर मराठी लिहिता हो!' त्यांच्या मनात काही वाईट नसते. मीही हसून आभार मानतो. पण घरी परतताना वाटत राहते की, आज माझी कविता कुणी ऐकलीच नाही. पायांच्या पट्ट्या तेवढ्या पाहिल्या. माझ्या आयुष्यातला सर्वांत मोठा सन्मान वेगळाच होता. एका संपादकांनी माझी कविता परत पाठवली. सोबत एवढेच लिहिले होते की, शेवटचे कडवे सैल आहे. त्यांनी मला बाकावर बसवले होते. मी ते कडवे पुन्हा लिहिले.

बायचुंग बेरीहून परतला तो खचून नव्हे. 2003 मध्ये जकार्त्याला ईस्ट बंगालने आसियान क्लब स्पर्धा जिंकली. त्या स्पर्धेत सर्वाधिक गोल त्याचे होते. 2006 मध्ये भारतातल्या फुटबॉलपटूंची संघटना उभी राहिली आणि तिचा पहिला अध्यक्ष बायचुंग झाला. करार, थकलेला पगार, दुखापत हे तिचे विषय. इंग्लंडमधल्या व्यावसायिक खेळाडूंची अशी संघटना 1907 मध्ये मँचेस्टरलाच स्थापन झाली होती, बेरीपासून हाकेच्या अंतरावर. या दोन गोष्टींचा संबंध आहे असा दावा मी करणार नाही. पण खेळाडू हाही राबणारा माणूस असतो, हे ज्याने बाकावर बसून अनुभवले, त्याच्याच हातून हे काम व्हावे, यात मला नवल वाटत नाही.

मागून येणाऱ्यांची वाट मात्र त्याने सोपी केली, असे म्हणता येत नाही. 2009 मध्ये सुनील छेत्रीला लंडनच्या क्वीन्स पार्क रेंजर्सने घ्यायचे ठरवले. पण भारताचा संघ जागतिक क्रमवारीत फार खाली, म्हणून त्याला काम करण्याचा परवाना मिळाला नाही. 2012 मध्ये तो पोर्तुगालमधल्या स्पोर्टिंग क्लबच्या दुय्यम संघात गेला. गोलरक्षक गुरप्रीतसिंग संधू 2014 मध्ये नॉर्वेच्या स्टाबेकमध्ये गेला आणि 2016 मध्ये युरोपा लीगचा पात्रता सामना खेळला. तिथेही प्रत्येक वेळी तेच, परके गाव, थंडी आणि बाक.

आता बेरीचे काय झाले, ते सांगून थांबतो. कर्जाने क्लब पोखरत गेला. 2019 च्या उन्हाळ्यात संघाने वरच्या श्रेणीत बढती मिळवली होती, पण क्लबकडे पैसे नव्हते. अखेर इंग्लिश फुटबॉल लीगने बेरीला बाहेर काढले. ती तारीख होती 27 ऑगस्ट 2019. बायचुंगच्या अखेरच्या सामन्याला त्या दिवशी बरोबर अठरा वर्षे झाली होती. गिग लेनला कुलूप लागले. पण गावाने क्लब सोडला नाही. चाहत्यांनी वर्गणी काढली, वाद घातले, मतदान केले आणि 2023 मध्ये बेरी नावाचा संघ पुन्हा गिग लेनवर उतरला. पार तळाच्या, निमव्यावसायिक लीगमध्ये, पण आपल्या मैदानावर.

या क्लबच्या जुन्या दप्तरात शेकडो खेळाडूंच्या नोंदी असतील. कुणाचे दोनशे सामने, कुणाचे दहा. त्या यादीत सिक्कीमच्या एका शेतकऱ्याच्या मुलाचीही ओळ आहे. 37 सामने, 3 गोल. वरच्या आणि खालच्या नावांइतक्याच जाडीच्या अक्षरांत.

(नभोवाणीवरील भाषणाचा संपादित भाग)