जुन्या पिढीचें हंसणें

जुनीं माणसें करारी, गंभीर आणि मितभाषी होतीं, असा एक समज रूढ आहे. भिंतीवरील तसबिरींतून रोखून पाहणाऱ्या त्यांच्या मुद्रा हा समज अधिकच दृढ करितात. परंतु एखाद्या पिढीची ओळख पटवून घ्यावयाची असेल, तर ती कशाला हंसत होती हें पाहावें. पूर्वीचें सांगली संस्थान आणि शेजारचा सातारा जिल्हा या कृष्णाकांठच्या मुलखांत या प्रश्नाचें उत्तर रंगभूमीनें जपून ठेविलें आहे.

सन १८४३ मध्यें सांगलीचे अधिपति चिंतामणराव पटवर्धन यांच्या आश्रयानें विष्णुदास भावे यांनीं ‘सीतास्वयंवर’ रंगभूमीवर आणिलें. पदें सूत्रधारानें म्हणावयाचीं आणि भाषणें बहुधा पात्रांनीं आयत्या वेळीं रचावयाचीं, अशी त्या नाटकांची रीत होती. आरंभीं विदूषक येऊन सूत्रधाराशीं थट्टामस्करी करी; पुढें राक्षस आरोळ्या ठोकीत प्रवेश करीत. या आरोळ्यांवरूनच पौराणिक नाटकांना ‘अललडुर्र’ हें गंमतीचें नांव मिळालें. या विनोदानें कोणाच्याहि वर्मीं घाव बसत नसे. आबालवृद्धांनीं एकत्र बसून हंसावें, असाच तो होता.

खेड्यांतील तमाशांतला सोंगाड्या इतका भिडस्त नव्हता. गवळणींतील मावशीचें सोंग पुरुषच घेई आणि प्रत्यक्ष कृष्णालाहि सुनावी. वगांत राजा, प्रधान, पाटील, शिपाई, कोणाचीच गय नसे. तमाशा करणारे बहुतेक अस्पृश्य मानलेल्या जातींतले. दिवसा ज्यांच्यापुढें मान खालीं घालावयाची, त्यांचीच टर रात्रीं मशालींच्या उजेडांत उडवावयाची, एवढी मोकळीक त्यांना विनोदानेंच दिली होती. पांढरपेशे लोक तमाशाला नांवें ठेवीत; तरी त्या वेळच्या सातारा जिल्ह्यांतील रेठरे हरणाक्ष येथें १८६६ मध्यें जन्मलेले श्रीधर कुलकर्णी घरचें कुलकर्णीपण सोडून फडावर उभे राहिले आणि पठ्ठे बापूराव या नांवानें गाजले.

तिसरा प्रकार मात्र बिकट होता. सांगलीजवळच्या हरिपूरचे गोविंद बल्लाळ देवल यांनीं १८९९ मध्यें ‘शारदा’ रंगभूमीवर आणिलें. बोहल्यावर चढण्यास उतावीळ झालेला वृद्ध भुजंगनाथ, लग्न जमविणारा भद्रेश्वर दीक्षित आणि पैशासाठीं मुलगी देण्यास निघालेला कांचनभट यांना पाहून प्रेक्षकांची हंसतां हंसतां पुरेवाट होई. परंतु ज्यांच्या घरीं असे विवाह होत, तेच लोक प्रेक्षागृहांत बसलेले असत. पुढें शारदा जीव द्यावयास निघे, तेव्हां तेंच हंसूं ओठांवर थिजून जाई. आपण कोणाला हंसलों, हें तेव्हां कुठें उमगे.

१९२९ मध्यें बालविवाहास आळा घालणारा कायदा झाला. हरबिलास सारडा यांच्या नांवावरून लोक त्यास सारडा कायदा म्हणत. मराठी कानांना मात्र तें नांव देवलांच्या शारदेचेंच वाटे. त्या नाटकाचा व कायद्याचा प्रत्यक्ष संबंध नव्हता. पण लोकांना तो जोडावासा वाटला, यांतच नाटकाचा पगडा दिसून येतो.

विदूषकाला हंसणें सोपें, पाटलाला हंसण्यास धीटपणा लागे. भुजंगनाथाला हंसतांना मात्र वडीलधाऱ्यांस स्वतःकडे पाहावें लागलें. तरीहि ते ‘शारदे’च्या प्रयोगांना जात राहिले. तसबिरींतल्या त्या करारी मुद्रांमागें हेंहि एक मन होतें.