अँथनी गोन्साल्विस नावाचा माणूस

१९७७ साली आलेल्या 'अमर अकबर अँथनी'मध्ये अमिताभ बच्चन एका भल्यामोठ्या अंड्यातून बाहेर येतो आणि आपले नाव अँथनी गोन्साल्विस असल्याचे गाऊन सांगतो. ते नाव देशभर तोंडी बसले. पण या नावाचा खराखुरा माणूस असेल, असे फारसे कुणाच्या मनात आले नाही. तो होता. त्या गाण्याच्या संगीतकार-जोडीतले प्यारेलाल त्याच्याकडे व्हायोलिन शिकले होते.

गोन्साल्विस दक्षिण गोव्यातल्या माजोर्ड्याचे, जन्म १९२७चा. वडील चर्चच्या गायकवृंदाचे मास्तर. पोर्तुगीज अमलातल्या गोव्यात चर्चच्या शाळांमधून मुलांना पाश्चात्त्य स्वरलिपी वाचायला आणि व्हायोलिन वाजवायला शिकवत. हेतू प्रार्थनेचा होता; त्याचा फायदा पुढे मुंबईच्या सिनेमाला झाला. इतिहास असा भलत्याच दाराने येतो. १९४३ मध्ये अँथनी मुंबईला पोचले आणि नौशाद यांच्या वाद्यवृंदात वाजवू लागले.

त्या काळच्या गाण्याची घडण समजून घेतली, की या माणसांचे मोल कळते. संगीतकार पेटीवर चाल ऐकवी. सतार, सारंगी, तबला वाजवणारे ती कानाने उचलत. पण वीस-तीस व्हायोलिन एका दमात, एका सुरात वाजवायचे तर प्रत्येकापुढे लिहिलेला कागद हवा. गाणाऱ्याने श्वास घेतला की तिथे कोणते वाद्य येईल, कडव्याआधीचा तुकडा कसा वळेल, चालीखाली कोणते स्वर धरायचे, हे ॲरेंजर ठरवी आणि लिहून देई. गायक नि वादक सगळे एकाच वेळी वाजवत-गात. एकाची चूक झाली तर सर्वांना पुन्हा पहिल्यापासून. गाणे ध्वनिमुद्रित झाले की कागदांचे काम संपले. बहुतेक रद्दीत गेले.

हे भाषांतरच होय, असे मला वाटते. आणि फार अवघड जातीचे. पाच रेघांच्या त्या लिपीत मींड नीट बसत नाही. ती वाजवणाऱ्याच्या कानात आधीपासून असावी लागते. पडद्यावर ॲरेंजरची नोंद झालीच तर 'सहायक' अशी. भाषांतरकाराचे नाव मुखपृष्ठावर न देणाऱ्या आपल्या प्रकाशनव्यवहाराने यात नाक मुरडण्याचे कारण नाही. गोव्याच्याच सेबॅस्टियन डिसोझांनी शंकर-जयकिशन यांच्यासाठी वर्षानुवर्षे हे काम केले. त्यांचे नाव रसिकांच्या घरांत किती वेळा उच्चारले गेले असेल?

गोन्साल्विस यांना मात्र कडव्यांमधल्या रिकाम्या जागा भरण्यापलीकडचे काहीतरी हवे होते. रागसंगीताची त्यांना ओढ लागली होती. रागांवर बेतलेल्या रचना पाश्चात्त्य वाद्यवृंदासाठी त्यांनी लिहिल्या. १९५८ मध्ये 'इंडियन सिंफनी ऑर्केस्ट्रा' उभा केला. मुंबईच्या सेंट झेवियर्स कॉलेजच्या चौकात त्याचा कार्यक्रम झाला; लता मंगेशकर आणि मन्ना डे त्यात गायले. सिनेमातल्या वादकांना सिनेमाबाहेर, स्वतःच्या संगीतासाठी एकत्र आणण्याचा हा खटाटोप मला त्यांच्या कोणत्याही गाण्याहून मोठा वाटतो. तो रुजला नाही. १९६५ च्या सुमारास ते अमेरिकेला गेले, आणि परतल्यावर सिनेमाकडे न वळता माजोर्ड्यात राहिले.

जानेवारी २०१२ मध्ये ते वारले, तेव्हा ते कोण हे सांगण्यासाठी बातम्यांना त्या अंड्यातल्या गाण्याचाच आधार घ्यावा लागला.