तळटीप १७ : शंभर नंबरचा रस्ता

१७. शंभर नंबरचा रस्ता : अमेरिकेच्या ईशान्येकडील व्हरमाँट राज्यातला ‘रूट १००’. हा राज्याचा रस्ता. प्रकरणाच्या सुरुवातीला येणारा रुंद, वेगवान इंटरस्टेट महामार्ग निराळा. मॅसॅच्युसेट्सच्या सीमेजवळून निघून ग्रीन माउंटन्स या डोंगररांगेच्या कडेकडेने रूट १०० कॅनडाच्या सीमेलगतच्या न्यूपोर्टपर्यंत जातो. लांबी सुमारे ३५० किलोमीटर. बहुतेक ठिकाणी जाणारी एक आणि येणारी एक, अशा दोनच मार्गिका. वेस्टन, रॉचेस्टर, वेट्सफील्ड अशा लहान गावांत तोच गावचा मुख्य रस्ता होतो, त्यामुळे चर्च, पोस्ट आणि किराणा दुकान लेखकाला गाडीतूनच दिसतात. किलिंग्टन आणि स्टो येथे हिवाळ्यात बर्फावरच्या घसरखेळासाठी गर्दी होते. लेखक गेला तो पानगळीचा हंगामही गर्दीचाच.

रस्ता बराचसा नदीखोऱ्यांतून जातो, हे ध्यानात घेतल्याशिवाय पुढचा पुराचा उल्लेख कळणार नाही. २८ ऑगस्ट २०११ रोजी ‘आयरीन’ वादळाच्या पावसाने राज्यातले अनेक रस्ते आणि पूल वाहून गेले. रॉचेस्टरसह १३ गावांचा बाहेरच्या जगाशी संपर्क तुटला. काही गावांना हेलिकॉप्टरने अन्नपाणी पोचवावे लागले.

याच परिच्छेदातला ‘लोकांनी नाकारलेला रस्ता’ मात्र हा नव्हे. तो डोंगरमाथ्यावरून काढायचा ‘ग्रीन माउंटन पार्कवे’. केंद्र सरकार पैसा द्यायला तयार असतानाही मार्च १९३६च्या सार्वमतात व्हरमाँटच्या मतदारांनी तो फेटाळला. तो कधीच बांधला गेला नाही.