बदली झाली, लॉजचं बिल कोण भरणार?

बदलीची ऑर्डर आली की घरात पहिला विषय मुलांच्या शाळेचा निघतो आणि दुसरा, "तिथं उतरायचं कुठं?" भाड्याचं घर चार दिवसांत मिळत नाही. डिपॉझिट, दलाली, सोसायटीची परवानगी यात पंधरा-वीस दिवस सहज जातात आणि तोवर लॉजवर राहावं लागतं. कर्मचारी बिलं जपून ठेवतो, सादर करतो आणि ऑफिस ती परत पाठवतं. असं का होतं, ते आपण समजून घेऊ.

केंद्र सरकारच्या नियमांत दौरा आणि बदली या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. हॉटेलचा खर्च मिळतो तो दौऱ्यावर. सातव्या वेतन आयोगानंतर, जुलै २०१७ पासून, लेव्हल ५ आणि त्याखालच्यांना रोज ४५० रुपये, लेव्हल ६ ते ८ ला ७५०, तर लेव्हल ९ ते ११ ला २,२५० रुपयांपर्यंत हा खर्च ठरला. महागाई भत्ता ५० टक्के झाला की या मर्यादा २५ टक्क्यांनी वाढतात. कायमच्या बदलीत मात्र लॉजचं बिल वेगळं मिळत नाही. त्याऐवजी एकरकमी बदली अनुदान मिळतं, ते शेवटच्या महिन्याच्या मूळ पगाराच्या ८० टक्के. मूळ पगार २९,२०० असेल तर २३,३६० रुपये. नवीन ठिकाण २० किलोमीटरच्या आत असेल तर याच्या एक तृतीयांशच, आणि तेही खरोखर घर बदलावं लागलं तरच. प्रवासभाडं आणि सामान वाहतुकीचे पैसे याशिवाय मिळतात. थोडक्यात, लॉजचे दिवस याच रकमेतून काढायचे असतात. मुंबईत कुटुंबासह उतरलेल्याला ती किती दिवस पुरते, हे सांगायला नको!

म्हणून ऑर्डरमधले शब्द नीट वाचा, असं आम्ही आग्रहानं सांगतो. बदली तात्पुरती आणि १८० दिवसांपर्यंतची असेल तर ती दौऱ्यासारखी धरली जाते आणि मग मुक्कामाचा खर्च मागता येतो. दुसरा शब्द 'विनंतीवरून'. स्वतः अर्ज करून घेतलेली बदली जनहिताची मानली जात नाही, त्यामुळे अनुदानही नाही आणि प्रवासभत्ताही नाही. साहेबांनी तोंडी सांगितलं म्हणून घाईनं विनंती अर्ज देणाऱ्यांनी हा हिशेब आधी करावा. प्रशासकीय गरजेपोटी बदली होत असेल तर ऑर्डरमध्ये तसं लिहून घ्या.

बिल द्यायची मुदतही आता कमी आहे. पूर्वी वर्षभर वेळ मिळायचा. मार्च २०१८ पासून प्रवास संपल्यावर ६० दिवसांतच क्लेम द्यावा लागतो. हातात पैसे नसतील तर निघण्याआधी अॅडव्हान्स मागता येतो, पण अनेकजण ते विचारतच नाहीत. सरकारी क्वार्टर असेल तर बदलीनंतर ते काही काळ ठेवता येतं. घर मिळेपर्यंत कुटुंब तिथंच ठेवणं हा लॉजपेक्षा स्वस्त मार्ग आहे.

राज्य सरकार, बँका, महामंडळं यांचे नियम वेगळे असतात. वरचे आकडे तिथं लावू नका, आपल्या आस्थापना शाखेत विचारा.

खासगी नोकरीत बदलीनंतर लॉजचा खर्च मिळालाच पाहिजे असा सरसकट कायदा नाही. नेमणूकपत्र, कंपनीची पॉलिसी आणि बदलीचा ईमेल यात जे लिहिलंय तेवढंच मागता येतं. तेव्हा होकार देण्याआधी किती दिवसांचा मुक्काम, रोजची मर्यादा किती, कुटुंब धरलंय का, हे ईमेलवर विचारा. वर्षाच्या आत नोकरी सोडल्यास पैसे परत द्यायची अट आहे का, तेही बघा. एचआर फोनवर "हो हो, देऊ" म्हणाला तर त्याच दिवशी दोन ओळींचा ईमेल टाकून ठेवा.

टॅक्सचंही बघायला हवं. आयकर नियम १९६२ च्या नियम ३ नुसार बदलीनंतर कंपनीनं दिलेल्या हॉटेलचे पहिले १५ दिवस पगारात धरले जात नाहीत. त्यापुढे त्या काळातल्या पगाराच्या २४ टक्के किंवा हॉटेलचं खरं बिल, यातलं जे कमी असेल ते उत्पन्नात मोजलं जातं. जुन्या आणि नव्या दोन्ही ठिकाणी कंपनीचं घर असेल तर ९० दिवसांपर्यंत कमी किमतीचं एकच घर धरतात. १ एप्रिल २०२६ पासून नवा आयकर कायदा असल्यानं त्यानंतरच्या बदलीसाठी चालू नियम अकाउंट्सकडून तपासून घ्या.