कंदील, छत्री आणि चितोडचा गड

अनुबोधपटाने घडलेले दाखवावे आणि दाखविलेले समजावून सांगावे, अशी आपली रूढ समजूत आहे. १९४८ साली स्थापन झालेल्या फिल्म्स डिव्हिजनच्या बहुसंख्य पटांत निवेदकाचा आवाज पुढे चाले व चित्र त्याच्या मागून येई. त्याच संस्थेसाठी मकबूल फिदा हुसेन यांनी १९६७ साली 'थ्रू द आइज ऑफ अ पेंटर' हा सुमारे पंधरा मिनिटांचा पट केला आणि ही रीत मोडली. बर्लिनच्या महोत्सवात त्याच वर्षी लघुपटाचे 'सुवर्ण अस्वल' त्याने मिळविले.

पटाची भूमी राजस्थानची. बुंदी, चितोड, जेसलमेर ही इतिहासाने भारलेली स्थळे समोर येतात. परंतु चितोडला १३०३, १५३५ आणि १५६७-६८ असे तीन भीषण वेढे पडले, हे त्यातून कोणास कळणार नाही. राजांची वंशावळ नाही, कथानक नाही. आहेत ती माणसे, जनावरे, भिंती. आणि त्यांच्यामध्ये कोठूनशी आलेली एक छत्री, एक जोडा, एक कंदील. याला इतिहास म्हणावे काय, अशी शंका कोणी घेतली तर ती गैर नव्हे.

आमच्या मते तिचे उत्तर इंदुरात शोधावे लागते. १९१५ साली पंढरपुरास जन्मलेल्या हुसेन यांची आई ते तान्हे असतानाच वारली आणि त्यांचे बालपण इंदुरास आजोबांच्या छायेत गेले. आजोबांचा व्यवसाय दिवे-कंदिलांचा. पुढे होळकरांच्या या नगरीतच दत्तात्रय दामोदर देवळालीकर यांच्या कलाशाळेत त्यांच्या हाताला वळण लागले, ना. श्री. बेंद्रे हेही देवळालीकरांचेच शिष्य. हुसेन यांच्या चित्रांतून कंदील आणि छत्री पुनःपुन्हा येतात, त्यांचे मूळ या घरात आहे. तोच कंदील राजस्थानच्या उन्हात ठेवला, तेव्हा परक्या प्रांताच्या गतकाळाकडे पाहणाऱ्याने आपली जागाही दाखवून दिली. इतिहास लिहिणारा कोठे उभा राहून पाहतो, हे सहसा झाकलेलेच असते. येथे ते उघड झाले. या पटाचे मोल आम्ही त्यात मानतो.

हा माणूस कोठला, या प्रश्नाला पुढे कडवट वळण लागले. २००६ साली त्यांनी देश सोडला, २०१० साली कतारचे नागरिकत्व घेतले आणि २०११ साली लंडन येथे देह ठेवला. कागदोपत्री ते परके होऊन गेले. इंदूरच्या मराठी सांस्कृतिक इतिहासात आपण दरबार, सभा व ग्रंथ यांची नोंद आस्थेने करतो. देवळालीकरांच्या या शिष्याच्या पंधरा मिनिटांनाही तेथे एक पान मिळावे, एवढेच आमचे म्हणणे आहे.